एक टिंग, जरा उशिरा

—नाही हो डॉक्टर, दुखत नाहीय, दुखायला वरच्या मजल्यावर आता राहिलंय कोण, जागा मोकळी आहे, हवा खेळती आहे. माझं म्हणणं वेगळंच आहे. तुम्ही ते मेण तापवताय तोवर सांगून टाकतो, ही यायच्या आत. ही समोरच्या औषधवाल्याकडे गेलीय, चूळ भरायचं ते जांभळं पाणी आणायला, आणि तिथं नेहमी चार माणसं पुढं असतात, म्हणजे पंधरा मिनिटं धरा. तुम्ही बाहेर टेबलावर ती घंटी ठेवलीय ना, वरून थाप मारायची — ती आली की एकदा वाजवेल, सवय आहे तिची, आणि ती वाजली की मी गप्प. अर्ध्या वाक्यात असलो तरी गप्प. तर मला एक चिठ्ठी हवीय. तुमच्या छापील कागदावर, खाली सही, शिक्का. लिहायचं एवढंच, की पेशंटने सहा महिने शीळ घालू नये. शीळ. शिट्टी हो, तोंडानं घालतात ती. शहामृगाचा श. मी मुद्दाम बोबडं बोलत नाहीय, मला बोलताच येत नाहीय — दात म्हणायला दात लागतात हे मला एकोणसत्तराव्या वर्षी कळलं.

कशाला म्हणजे? तुम्ही तो सिनेमा पाहिलाय ना, जिन्याचा? पाहिलाय, आत्ता मेण कापताना तुम्ही त्यातलीच शीळ घालत होतात, मला इथं खुर्चीत घाम फुटला. तो खाली जिन्याच्या तोंडाशी उभा राहून शीळ घालतो, आणि वर तिसऱ्या मजल्यावर ती दार लावता लावता थांबते — तोच. एक्केचाळीस वर्षं झाली त्याला, अजून माणसं अंघोळीला जाताना तीच घालतात. तर येत्या रविवारी मोठ्या हॉलमध्ये तो सिनेमा दाखवतायत. पण कसा — पडद्यावर चित्र आहे, बोलणं आहे, संगीत तेवढं काढून टाकलंय, आणि ते खाली बसलेले पन्नास वादक तिथल्या तिथं वाजवणार. कल्पना चांगली आहे, मला काही म्हणायचं नाही. पण त्यांना शीळवाला हवाय. मूळचा. आणि मूळचा शीळवाला म्हणजे — छापलंय हो पत्रकात, फोटोसकट, हिच्या पिशवीत चार प्रती आहेत, एक तुमच्यासाठी आणलीय — मूळचा शीळवाला म्हणजे मी.

आणि मला शीळ येत नाही.

दात काढल्यामुळे नाही. कधीच येत नव्हती. बत्तीसच्या बत्तीस शाबूत होते तेव्हाही नुसती फुस्स, सायकलच्या चाकातली हवा सोडल्यासारखी. शाळेत सगळी पोरं दोन बोटं घालून कान फाटेपर्यंत वाजवायची आणि मी आपला ओठ पुढं काढून उभा, मावशीचा पापा घ्यायला आल्यासारखा. तुम्ही हसताय, हसा. मी पण हसतो अधूनमधून, पण हल्ली हसलो की हिला हिरड्या दिसतात आणि ती म्हणते, शुक्रवारपर्यंत तोंड मिटून ठेवा.

मग मी तिथं होतो कोण, हे विचारा ना. होतो तर होतोच, खोटं नाही, त्या स्टुडिओत मी अकरा वर्षं होतो. मी किरकोळीत होतो. म्हणजे असं बघा, पुढं व्हायोलिनवाले, मग बाजाच्या पेट्या, मग बासरी, मग मोठे मोठे ताल वाजवणारे दांडगे लोक, आणि सगळ्यांच्या मागं, भिंतीला चिकटून, एक टेबल. त्या टेबलावर घुंगरं, लाकडाचे दोन ठोकळे, वाळू भरलेला एक डबा आणि दोऱ्याला टांगलेला लोखंडी त्रिकोण — सळई वाकवून केलेला, दुसऱ्या सळईनं त्याला टिचकी मारायची, टिंग. हे सगळं सांभाळतो तो किरकोळवाला. घरी विचारायचे, आज काय वाजवलंस रे? मी म्हणायचो, आज दोनदा डबा हलवला. वडील पाहुण्यांना सांगायचे, धाकटा स्टुडिओत असतो, आणि लगेच हवापाण्याचं काहीतरी काढायचे. त्यांना वाटायचं पुढं कोणी विचारेल, स्टुडिओत काय करतो.

सिनेमाच्या मागचं संगीत कसं करतात ठाऊक आहे तुम्हाला? मोठी खोली, समोर पडदा, त्यावर सिनेमाचा तो तुकडा मुका चालतो. संगीतकार — आम्ही साहेब म्हणायचो — साहेब उभे राहून हात हलवणार, आणि आपण सगळ्यांनी हाताकडे बघायचं. पडद्याकडे नाही. पडद्याकडे एकट्या साहेबांनी बघायचं. हा आमच्या धंद्यातला पहिला धडा, कोण रडतंय, कोण कोणाला सोडून चाललंय, तुम्हाला काय करायचंय, तुम्ही मोजा. चार आकडे मोजले की एक बार होतो. आणि त्या शेवटच्या प्रसंगात माझ्या कागदावर काय होतं — बहात्तर बार गप्प. दोनशे अठ्ठ्याऐंशी आकडे मनातल्या मनात मोजायचे आणि मग एकदा टिंग. झालं माझं काम. त्यासाठी मी सकाळी साडेसहाला दाढी करून निघालो होतो, इस्त्रीचा शर्ट घालून.

तो प्रसंग तुम्हाला आठवेल. ती दाराबाहेर उभी आहे, बॅग पायाशी, किल्ली कुलपात. किल्ली फिरवली की संपलं, ती चालली. खाली तो उभा आहे आणि त्या गाढवाला आता शीळ घालायचंही सुचत नाहीय. व्हायोलिनं चढत जातात, चढत जातात, आणि सगळी एकदम थांबतात. किल्ली फिरते. आणि तिथं टिंग. कुलपाची टिंग. साहेबांनी लाल पेन्सिलीनं लिहून दिलं होतं, टिंगच्या डोक्यावर — किल्ली. अक्षर साफ होतं. मला सबब नाही.

मी मोजत होतो, आईशप्पथ मोजत होतो. सत्तर झाले, एक्काहत्तर झाले — आणि मी वर बघितलं. कशाला बघितलं? माहीत नाही. मान अवघडली असेल. तिचा चेहरा भिंतभर. किल्ली फिरवली तिनं, सगळे थांबले, पन्नास माणसं श्वास धरून गप्प, साहेबांचा हात माझ्याकडे आला — आणि मी बघतोय की ती आता काय करणार. जाते की राहते. अरे, सकाळपासून पाच वेळा तोच तुकडा चाललाय, पण मी कुठे बघितला होता, मी मोजत होतो. कामावरचा माणूस मी, प्रेक्षक होऊन बसलो. आणि तिनं डोळे मिटले. असे, सावकाश. आणि मग मला आठवलं की मी किरकोळवाला आहे, आणि हात आपोआप खाली आला, टिंग.

साहेब वळले. ओरडले नाहीत, ओरडले असते तर बरं झालं असतं. म्हणाले, काय त्रिकोणराव, झाली का झोप? त्या दिवसापासून माझं नावच पडलं, त्रिकोण. पुन्हा घ्यायचं तर वेळ संपलेली, पुढचे वादक दाराबाहेर पेट्या घेऊन कुरकुरत होते, आणि रेकॉर्डिंगवाला काचेपलीकडून म्हणाला, राहू द्या साहेब, कोणाला कळतंय. राहिली. पुढं तीन महिने मला कोणी बोलावलं नाही, आणि मी घरी सांगितलं की सध्या त्रिकोण नसलेली गाणी चालू आहेत.

मग सिनेमा लागला आणि जे झालं ते तुम्हाला माहीत आहे. ती डोळे मिटते, सगळं गप्प, आणि मग एकटीच टिंग. लोकांना वाटतं ठरलं तिचं, इथं ठरलं, आता ती जात नाही. थिएटरमध्ये त्या जागी माणसं नाक ओढायला लागायची, मोठमोठी माणसं, मिशीवाली. कोणीतरी लांबलचक लेख लिहिला की त्या एका नादात तिच्या मनाचं कुलूप उघडतं. साहेबांनी मुलाखतीत सांगितलं, त्या एका टिंगसाठी मी आठ दिवस विचार करत होतो. आठ दिवस. मी ते वाचून कागद घडी करून ठेवला. नऊ म्हटले असते तरी मी काय करणार होतो.

शीळ? शीळ वायरमनची हो. स्टुडिओत दिवे बदलायला यायचा, शिडीवर चढला की घालत बसायचा. साहेबांनी ऐकली, त्याला खाली उतरवला, माइकसमोर उभा केला, तीनदा घालून घेतली आणि तो परत वर. हातातली पक्कडसुद्धा खाली ठेवली नव्हती त्यानं. सिनेमाच्या पाट्यांवर त्याचं नाव नाही. माझंही नाही, पण माझं नसण्याला कारण होतं.

माझ्या डोक्यावरून सारखं काय बघताय? घड्याळ? झालंच हो माझं, मुद्द्यावरच आलोय.

ही तेव्हा टेलिफोन एक्स्चेंजमध्ये होती. कानाला ते लावून दिवसभर याचा फोन त्याला जोड, त्याचा तोड. कान असा तिचा, की पलीकडचा नुसता श्वास ऐकून सांगायची, हा माणूस घरात बसलाय आणि ऑफिसातून बोलतोय म्हणून सांगतोय. असल्या मुलीशी खोटं बोलायला गेलो मी, अक्कल बघा. तिसरी भेट आमची. घरच्यांची बोलणी अजून व्हायची होती, हिचा होकार यायचा होता, आणि मी छाती फुगवून हिला त्या सिनेमाला नेलं की माझं काम दाखवतो. म्हणजे काय दाखवणार होतो ते माझं मला माहीत. अंधार झाला, सिनेमा सुरू झाला, पहिल्याच रिळात ती शीळ आली — आणि हिनं माझ्या हातावर हात ठेवला. म्हणाली, कोण घालतंय हो हे? तुम्हाला माहीत असेल. मी तोंड उघडलं ते वायरमन म्हणायला. खरंच. वायरमन म्हणायचं होतं, 'मी' आलं.

आता एकदा आलं ते आलं, परत कुठे घालणार? पुढचे दोन तास मी हिरो होतो, डॉक्टर. पाय पसरून बसलो होतो. मग शेवट आला. व्हायोलिनं थांबली. मी पसरलेले पाय आवरून घेतले. टिंग — आणि ही रडायला लागली. शिळीला नाही, शिळीला नुसता हात ठेवला होता. टिंगला रडली. बाहेर आल्यावर रुमालात नाक शिंकरून म्हणते, ती शेवटची बारीक घंटा आहे ना, ती उशिरा वाजली. मी म्हटलं, छे. म्हणाली, वाजली. वाजवणारा विसरला असणार, आपल्यासारखाच बघत बसला असणार. कोण आहे हो तो?

बोला आता. दोन तासांपूर्वी मी शीळवाला झालोय. लगेच ती टिंगही माझीच म्हटलं तर ती म्हणणार, मग व्हायोलिनं कोणी वाजवली, आणि दारावर तिकिटं कोण फाडत होतं? तर मी काय केलं, मी त्याला शिव्या घातल्या. तो होय, म्हटलं, एक बावळट आहे, मोजता येत नाही धड, सगळे कंटाळलेत त्याला. आणि ही म्हणाली — असू दे. मला आवडला तो.

तेव्हापासून एक्केचाळीस वर्षं मी माझ्यावर जळतोय.

लग्नाला कोणाकोणाला बोलवायचं त्याची यादी करायला बसलो तर हिचं पहिलं नाव, तो घंटीवाला. मी म्हटलं, परदेशी गेला. एवढ्यात? म्हटलं, हो, बोटीनं. आणि शिळीचं तर विचारूच नका. लग्न होऊन आठ दिवस झाले आणि म्हणाली, घाला ना एकदा, घरात कोणी नाहीय. मी म्हटलं, साहेबांशी करार आहे, सिनेमाबाहेर घालायची नाही. सहा वर्षं करारावर काढली. मग साहेब वारले, करार संपला, म्हणून मला दमा झाला. तो दमा मला जिने चढताना नाही व्हायचा, फक्त शिळीचा विषय निघाला की व्हायचा. मुलीनं शाळेत सांगून ठेवलं होतं की ती शीळ माझ्या बाबांची, तिच्या बाईंनी बोलावणं धाडलं, तेव्हा तोंड आलं होतं म्हणून सुटलो. म्हणजे आलं नव्हतं, मी दोन दिवस नुसत्या भातावर मूठभर तिखट घालून खाऊन आणलं होतं. पोरगी म्हणायची, बाबा, हळूच घाला, फक्त मला ऐकू येईल एवढी. हळूच घालायला पण यावी लागते ना. त्या वेळी मला माझी लाज वाटली, ते मात्र खरं.

आणि टीव्हीवर तो सिनेमा लागला की ही काय करते? सगळा सिनेमा आत काम करत कानानं ऐकते, शेवटच्या पाच मिनिटांना हात पुसत येते, दारात उभी राहते. बसत नाही, उभी. टिंग ऐकते आणि आत जाते. बाकीचा सिनेमा माझा, ती पाच मिनिटं त्याची. एकदा अशीच उभी होती आणि म्हणाली, तुमच्याच वयाचा असेल ना आता तो? पत्ता काढा की कुठून तरी, दोन ओळी लिहू त्याला, सांगू की इथं एक बाई अजून ऐकते. आणि मी, इतका वैतागलो होतो मी त्या माणसाला, मी म्हटलं, तो मेला.

अहो, तोंडातून गेलं. कसा, म्हणाली. म्हटलं, अपघातात. आणि ही मटकन बसली. दिवसभर जेवली नाही, संध्याकाळ झाली तरी दिवा लावला नाही, तशीच खिडकीशी. मी शेजारी बसून समजूत काढतोय, अगं होतं असं, सुटला बिचारा — स्वतःच्या मरणावर बायकोची समजूत काढायची वेळ वैऱ्यावर येऊ नये. आणि खरं सांगू का, बरं पण वाटत होतं. ही माझ्यासाठी रडतेय आणि मी जिवंतपणी शेजारी बसून बघतोय, असं नशीब कोणाचं असतं? आणि लगेच रागही यायचा. की त्याच्यासाठी एवढी, मग मी गेलो तर निम्मी तरी रडशील का.

नाही नाही, डोळ्यांत काही नाही, तुमच्या त्या दिव्याचा उजेड येतोय. बाजूला करा जरा.

आता दातांचं. तुम्हाला आठवतंय, आठवतच असेल, तुमचेच शब्द आहेत. तुम्ही म्हणालात, मागचे गेलेत पण पुढचे चार वाचतील. मी म्हटलं, काढा. तुम्ही म्हणालात, हलत नाहीयेत. मी म्हटलं, मला हलतायत. तुम्ही बिचारे आरसा घेऊन दाखवत होतात मला. तर ते हलत नव्हते, डॉक्टर. हॉलवाल्यांचं पत्र आलं सोमवारी — हिनंच कळवलं होतं त्यांना, मला न सांगता, आनंदाचा धक्का द्यायला — आणि मंगळवारी सकाळी मी तुमच्या दारात. चांगले चार दात मी मुळापासून उपटून घेतले, शीळ घालावी लागू नये म्हणून. हिशेब सोपा होता, दात नाहीत, शीळ नाही, माणूस सुटला. मला काय ठाऊक तुम्ही दोन महिन्यांत हिरड्या सुकवून शुक्रवारची कवळी कबूल कराल. शुक्रवार, आणि कार्यक्रम रविवारी. इतकं वेळेवर काम करणारा माणूस मला आयुष्यात नेमका आत्ताच भेटायचा होता.

खरं सांगून टाका म्हणता. कोणतं खरं? मी सांगायला बसलो नसेन का? शंभरदा बसलो. पण बघा, ही शीळवाल्याला हो म्हणाली. शीळ माझी नाही म्हटलं तर ही एक्केचाळीस वर्षं कोणाच्या घरात राहिली? आणि टिंग माझी म्हटलं तर ज्याच्यासाठी ही दिवसभर उपाशी बसली तो कोण? त्याला मारला कोणी? मी भितो हो. दुसरं काही नाही. या वयात माणसाला एकटं बसायची भीती वाटते, आणि ही उठून गेली तर, हा विचार मी रोज करतो. रोज म्हणजे रोज नाही, पण टीव्हीवर सिनेमा लागला की करतो.

तरी मी गप्पच बसलो असतो, तुमची चिठ्ठी घेऊन सुमडीत घरी गेलो असतो, पण काल तालीम झाली. आम्हाला पहिल्या रांगेत बसवलं, दात नाहीत म्हणून मला नुसतं ऐकायचं काम. किरकोळीच्या टेबलावर एक मुलगी होती, हुशार, मान खाली, मोजतेय. पडद्याकडे बघत नाही. शेवटचा प्रसंग आला, व्हायोलिनं थांबली, किल्ली फिरली, टिंग. किल्लीवर. अगदी वेळेवर. मी हिच्याकडे बघितलं आणि हिला काही झालंच नाही. डोळे कोरडे. कुलूप लागल्याचा आवाज, बस, कोणाच्याही घराचं लागतं तसं. मला म्हणाली, हे नव्हे. सांगा ना त्यांना, ती उशिरा असते. आणि मी गेलो हो सांगायला, काठी टेकत, बोळक्या तोंडानं. तो संगीत चालवणारा मुलगा, स्वभावानं चांगला आहे, त्यानं साहेबांचा मूळ कागद काढून दाखवला. लाल पेन्सिल, किल्ली. म्हणाला, आजोबा, रेकॉर्डवर वादकाची चूक झालेली आहे, आम्ही ती दुरुस्त केलीय.

दुरुस्त केलीय. अकरा वर्षं वाळूचा डबा हलवला मी, त्यात एकच गोष्ट अशी झाली की जिला कोणी रडलं, आणि ती दुरुस्त केलीय. परत येताना घराजवळ आल्यावर ही म्हणाली, तो असता तर त्यानं बरोबर उशिरा वाजवली असती. मी किल्ल्या शोधत बसलो. खिशातच होत्या.

पुन्हा तिकडे बघितलंत. घाई आहे का दुसऱ्या पेशंटची? बरं बरं, संपवतो.

किती उशिरा? — चांगलं विचारलंत, इतक्या वर्षांत मला हे कोणी विचारलं नाही. आकड्यात नाही सांगता येणार. मोजून वाजवली तर चुकते ती, मी घरी एकटा असताना चमचा आणि पेल्यावर करून बघितलंय. थांबा, दाखवतो. तो तुमचा मेणाचा चाकू द्या इकडे, आणि तो स्टीलचा ट्रे असा उचलून धरा, दोन बोटांत, पूर्ण नका पकडू, लोंबू द्या, नाहीतर नाद बसतो. आता मी तोंडानं व्हायोलिनं म्हणतो, हसू नका, दात नाहीत त्यामुळे जरा फसफसतील. ती दाराशी उभी आहे. लाऽ ला — लाऽऽ ला — चढतायत — लाऽऽऽ — आणि थांबले. सगळे थांबले. किल्ली फिरली. इथं नाही वाजवायची. इथं ती कालची मुलगी वाजवते. आपण हात वर धरून तसंच थांबायचं. बघायचं तिच्याकडे. जाते की राहते, जाते की राहते, आणि आता ती डोळे —

मी नाही वाजवली.

हात वरच आहे माझा. बघा, चाकू वरच आहे. ट्रेला शिवलोही नाही.

बाहेरची घंटी ती. आत्ता दाराचा आवाज नाही आला. तुमचं दार करकरतं, आलं कोणी असतं तर मला ऐकू आलं असतं. म्हणजे औषधवाल्याकडे आज गर्दी नव्हतीच, ही मघाशीच आलीय, माझ्या बडबडीत करकर ऐकू आली नाही. आणि तुम्ही घड्याळ नव्हतात बघत, घड्याळ तर हे इथं समोर आहे, मागं नुसता पडदा आहे. पडद्याखाली चपला दिसतायत. हिच्याच.

हो. — हो गं, तेवढीच. अगदी तेवढीच उशिरा. — वायरमन होता एक. त्याची. — नाही. नाही मेला. — अपघात झाला नाही त्याला कसला, धडधाकट आहे. — रविवारी? त्याला दात लागत नाहीत गं, तिथं नुसतं उभं राहून बघायचं असतं. — नाही, रडत नाहीय मी, तू रडतेयस.

डॉक्टर, ती चिठ्ठी राहू द्या. मेण आणा, असेल तसं आणा, गार असलं तरी चालेल, ती पडदा सरकवतेय. भरा माझ्या तोंडात, लवकर भरा. आ —